व्हेसुव्हियस पाहून आलेला नवरा

माझ्या नवऱ्याने व्हेसुव्हियस पाहिला आणि मी पाहिला नाही. ही गोष्ट मी अजूनही शांतपणे सांगू शकत नाही, असं माझी मुलगी म्हणते. बघू या.

लग्न होऊन मी चिंचवडला आले तेव्हा तिथे कारखाने नुकते उभे राहत होते. आमच्या वसाहतीच्या मागच्या बाजूला ज्वारीची शेतं होती आणि पुढच्या बाजूला कंपनीचा भोंगा. नवरा कंपनीत इंजिनियर होता. यंत्रांची देखभाल हे त्याचं काम, आणि यंत्र हाच त्याचा जीव. घरातला पंखा जरा वेगळा आवाज करायला लागला की जेवता जेवता त्याचा हात थांबायचा. डोंगर, नद्या, समुद्र यांच्याकडे मात्र त्याचं कधी लक्ष गेलं नाही. घाटातून जाताना तो गाडीत बसल्या बसल्या झोपायचा.

मी भूगोलाची. कॉलेजात आमच्या सरांनी पहिल्यांदा ज्वालामुखीचा उभा छेद फळ्यावर काढला, लाल खडूने नळी भरली आणि वर्गाकडे वळून म्हणाले की तुम्ही बसला आहात ती जमीनही अशीच आतून आलेली आहे. त्या दिवसापासून मी त्या विषयाची झाले. वडिलांना मी मराठी घ्यावं असं वाटत होतं. मी ऐकलं नाही. लग्नानंतर दोन-तीन वर्षांनी जवळच्याच शाळेत नोकरी लागली आणि मला नववीचा भूगोल मिळाला. त्यात इटलीचा धडा होता.

तो धडा मी दरवर्षी शिकवायचे आणि दरवर्षी पहिल्यांदा शिकवतेय असं मला वाटायचं. उत्तरेला आल्प्स, म्हणजे जमिनीला वळ्या पडून झालेले पर्वत. देशाच्या मधून पाठीच्या कण्यासारखे उतरत गेलेले अपेनाइन्स. आणि खाली दक्षिणेला नेपल्सजवळ व्हेसुव्हियस, समुद्रात स्ट्रॉम्बोली, सिसिलीत एटना. मी मुलांना सांगायचे की एकाच देशात जमीन दुमडलीही आहे आणि फुटलीही आहे. स्ट्रॉम्बोलीला भूमध्य समुद्राचा दीपस्तंभ म्हणतात हे सांगताना माझा आवाज बदलतो असं मुली आपसात म्हणत. आजूबाजूच्या गावांतली मुलं धीट होती. भोसरीकडचा एक जण हात वर करून विचारायचा, "बाई, आपल्या हिकडं फुटंल का वो?" मी म्हणायचे, नाही, आपल्याकडचं कधीच थंड झालं. तो जरा निराशच व्हायचा. मलाही ते सांगताना बरं वाटायचं नाही.

आणीबाणी लागायच्या आदल्या वर्षी कंपनीने नवी यंत्रं घ्यायचं ठरवलं. ती इटलीतून येणार होती. ती चालवायला आणि उघडून जोडायला शिकण्यासाठी दोघातिघांना सहा महिने तिकडे पाठवायचं होतं. त्यात माझ्या नवऱ्याचं नाव होतं.

संध्याकाळी तो घरी आला, बूट काढले आणि सासूबाईंना नमस्कार केला. मला वाटलं बढती मिळाली. तो म्हणाला, "मला इटलीला पाठवतायत."

मी त्या वेळी भाकरी थापत होते. ती भाकरी मी तव्यावर टाकली, उलटली, फुगवली आणि मगच स्वयंपाकघराच्या दारात येऊन विचारलं, "इटलीत कुठे?"

"मिलानच्या जवळ. गावाचं नाव लिहून दिलंय."

मिलान म्हणजे उत्तरेला. मी मनातल्या मनात नकाशा काढला. आल्प्स दिसणार. स्वच्छ हवा असेल त्या दिवशी कारखान्याच्या दारातूनसुद्धा दिसणार. आनंद झाला होताच, नाही असं नाही, पण त्या आनंदाच्या खाली दुसरं काहीतरी होतं आणि ते जास्त जोरात वर येत होतं.

पुढचे पंधरा दिवस घरात नुसती वर्दळ होती. शेजारणी येत, सासूबाई पेढे देत आणि सांगत की आमचा मुलगा आगीच्या डोंगरांच्या देशात चाललाय. हे त्यांना मीच सांगितलं होतं. शेजारणी मला म्हणत, तुमची तर मजा आहे, तुमच्याच विषयाचा देश. मी हसायचे. माझ्याच विषयाचा देश, आणि चालला कोण? ज्याला खंडाळ्याचा घाट आला-गेला कळत नाही तो.

मी त्याला दोन रात्री बसवून सगळं समजावून सांगितलं. रविवारी सुट्टी मिळेल तेव्हा कुठे जायचं, काय बघायचं. नेपल्सला जायला जमलंच तर व्हेसुव्हियस चुकवायचा नाही. विवराच्या कडेला उभं राहिल्यावर आतल्या भिंतीत थर दिसतात का ते बघा. राख कुठल्या रंगाची आहे ते बघा. वास कसा येतो ते लक्षात ठेवा. तो मान हलवत होता. माझं बोलणं संपल्यावर त्याने विचारलं, "स्वेटर एक पुरेल का दोन घेऊ?"

मी म्हटलं, दोन घ्या.

तो गेल्यावर पत्रं येऊ लागली. पातळ निळ्या कागदावर बारीक अक्षरात तो यंत्रांबद्दल लिहायचा. तिथल्या कारखान्यात जमीन किती स्वच्छ असते, हत्यारं जागच्या जागी कशी टांगलेली असतात, दुपारी जेवायला सगळे एकत्र कसे बसतात. मांस न खाणारा माणूस बघून स्वयंपाकघरातल्या बाईला कसं रडू येतं. सासूबाईंना मी पत्र मोठ्याने वाचून दाखवायचे. पर्वतांचं नाव नसायचं. एका पत्रात मी स्पष्ट विचारलं की आल्प्स दिसतात का. उत्तर आलं: दिसतात, बर्फ असतो वर, थंडी फार आहे.

बर्फ असतो वर. मी शाळेत जाताना वाटेत ते वाक्य मनात घोळवायचे आणि चिडायचे. त्याला रोज दिसणाऱ्या आल्प्सची सवय झाली होती, याचा मला राग होता. एखाद्या गोष्टीची सवय होण्याइतकी ती जवळ असावी, आणि त्या माणसाला तिचं काहीच नसावं, याचा राग. माझ्यासमोर त्या वर्षीही नववीचा वर्ग होता, तोच धडा होता, आणि मी फळ्यावर तेच डोंगर खडूने काढत होते.

मग ईस्टरच्या सुट्टीनंतर एक रंगीत चित्राचं कार्ड आलं. पुढे निळा समुद्र, मागे तो. व्हेसुव्हियस. दोन खांदे आणि मधली खोलगट जागा, अगदी मी काढते तसाच. मागच्या बाजूला लिहिलं होतं: "काल इथे जाऊन आलो. तू म्हणाली होतीस म्हणून. तारेवरच्या पाळण्यात बसवून वर नेतात. आईला नमस्कार."

मी ते कार्ड घेऊन गच्चीवर गेले आणि बराच वेळ तिथे उभी राहिले. खाली कंपनीची दुसरी शिफ्ट आत चालली होती, सायकलींची रांग लागली होती. मला रडू आलं नाही. पण त्या रांगेतल्या कुणालाही थांबवून सांगावंसं वाटलं की बघा, हा माणूस तिथे गेला. माझा माणूस. मी नाही.

तो परत आला तेव्हा जाड झाला होता आणि केस वेगळे कापले होते. मुलीला बाहुली, आईला लोकरीची शाल, मला एक सुंदर निळा स्कार्फ. जेवणं झाली, लोक आले, गेले. सगळे निजल्यावर मी त्याला विचारलं.

"सांगा."

"काय?"

"व्हेसुव्हियस."

त्याने आठवून बघितलं. खरंच, त्याला आठवून बघावं लागलं. म्हणाला की पाळणा चांगला होता, एका वेळी एकच माणूस बसतो, तारेवरून वर जातो, त्याची मोटर खालच्या खोलीत होती आणि ती त्याने उतरल्यावर जाऊन बघितली. मग वर थोडं चालावं लागतं, वाट घसरडी आहे, त्याच्या बुटात खडे गेले. मी म्हटलं, आणि वर?

"वर मोठा खड्डा आहे गं. आपल्या मोशीच्या खाणीसारखा."

मी म्हटलं, खाणीसारखा?

"एका बाजूने थोडी वाफ येत होती," तो म्हणाला. "गंधकासारखा वास. बाकी काही चालू नव्हतं."

काही चालू नव्हतं. जणू यंत्र बंद पडलं होतं आणि दुरुस्तीला माणूस आला नव्हता. मी त्याला विचारलं की थर दिसले का. त्याने आठवत नाही म्हणून सांगितलं. राख कसली होती? काळपट, किंवा तपकिरी असेल. किती वेळ थांबलात? मित्रांना भूक लागली होती, म्हणून लगेच उतरले.

मी त्या रात्री त्याच्याशी पुढे बोलले नाही. सकाळीही फार बोलले नाही. त्याला कारण कळेना. सासूबाईंना वाटलं, सहा महिने नवरा दूर राहिला म्हणून रुसलेय. त्या माझ्याशी जास्त गोड वागायला लागल्या, त्याने तर मी आणखीच वैतागले. शेवटी त्याने एकदा चहा पिता पिता विचारलं, की मी असं काय केलं? तू सांगितलंस तिथे गेलो, कार्ड पाठवलं. आणखी काय करायला हवं होतं? त्याने काहीच चुकीचं केलं नव्हतं. तो गेला होता, एवढंच.

त्यात आमच्या मुख्याध्यापकांना कुठून तरी कळलं. ते उत्साही गृहस्थ होते. मला बोलावून म्हणाले, "तुमचे मिस्टर इटलीला जाऊन आले म्हणे. ज्वालामुखी प्रत्यक्ष पाहिलाय. मग नववी-दहावीसमोर त्यांचं व्याख्यान ठेवू या ना."

मी म्हटलं, त्यांना भूगोलाचं काही माहीत नाही.

"पण पाहिलंय ना," मुख्याध्यापक म्हणाले.

एका शनिवारी शाळा सुटायच्या आधी सगळे हॉलमध्ये बसले. नवऱ्याने इस्त्रीचा शर्ट आणि टाय घातला होता. माझ्या हातात नकाशावर दाखवायची काठी होती. मला नकाशाजवळ उभं राहायला सांगितलं होतं. तो म्हणेल ती जागा मी दाखवायची.

खरं सांगायचं तर तो छान बोलला. मला वाटलं होतं तो अडखळेल. तो पाळण्याबद्दल बोलला, पायाखाली काहीच नसतं आणि खाली द्राक्षांचे मळे दिसतात हे त्याने हात पसरून सांगितलं. बुटात खडे कसे गेले ते सांगितलं. वर एक म्हातारा तिकिटं फाडत होता आणि त्याने याच्या हाताला धरून जमिनीवर हात ठेवायला लावला, जमीन गरम लागली. ही गोष्ट त्याने मला सांगितली नव्हती. मी काठी धरून उभी होते, आणि माझ्याच नवऱ्याकडून ती गोष्ट मी पहिल्यांदा दोनशे पोरांच्या बरोबर ऐकली.

मुलं खूश झाली. भोसरीचा तो मुलगा आता दहावीत होता, त्याने विचारलं, "हात भाजला न्हाई का तुमचा?" नवरा हसून म्हणाला, नाही, भाकरीच्या तव्याइतकाही गरम नव्हता. सगळा हॉल हसला. माझ्या इतक्या वर्षांच्या वर्गात कधी एवढं हसू झालं नव्हतं.

सहामाही परीक्षेत मी नेहमीचा प्रश्न दिला होता, इटलीच्या प्राकृतिक रचनेचे वर्णन करा. उत्तरपत्रिका तपासायला बसले तर निम्म्या मुलांनी आल्प्स आणि अपेनाइन्स एका ओळीत उरकले होते आणि पुढे पानभर पाळणा. एका मुलीने लिहिलं होतं, "व्हेसुव्हियस पर्वतावर चढताना बुटात खडे जातात. तेथील जमीन भाकरीच्या तव्यापेक्षा कमी गरम असते." नवरा शेजारी बसून वर्तमानपत्र वाचत होता. मी ते वाक्य त्याला वाचून दाखवलं नाही. लाल पेनाने काय लिहावं ते मला सुचेना. वाक्य बरोबर होतं. मी त्याला गुण दिले.

त्यानंतर काही वर्षं हा विषय आमच्या घरात कुणी काढला नाही. पण तो संपला नव्हता. पाहुणे आले की सासूबाई इटलीचा विषय काढत, आणि नवरा पाळण्याची गोष्ट सांगे. दर वेळी मी चहा करायला उठत असे. धडा मी शिकवत राहिले. मुलं आता मला विचारत, "बाई, तुम्ही गेला होता का सरांबरोबर?" मी नाही म्हणायचे आणि पुढे जायचे.

मग ऐंशीच्या आसपास कंपनीच्या त्या इटालियन यंत्रांपैकी एक सतत बिघडू लागलं. ते दुरुस्त करायला इटलीहून एक कारागीर आला. चाळिशीचा, बुटका, दाट भुवयांचा माणूस. त्याचं इंग्रजी तुटकं होतं, माझ्या नवऱ्याचं इटालियन त्याहून तुटकं, पण यंत्राजवळ त्यांचं छान चालायचं. नवऱ्याने त्याला एका रविवारी जेवायला आणलं. मी साधाच स्वयंपाक केला, तिखट कमी घातलं. त्याने पोळीचे तुकडे वरणात बुडवून खाल्ले आणि सासूबाईंकडे बघून काहीतरी म्हटलं. नवऱ्याने सांगितलं की त्याला त्याच्या आईची आठवण झाली.

मी विचारलं, आई कुठे असते?

तो म्हणाला, सिसिलीला. मिलानकडे तो नोकरीसाठी गेलेला. त्याचं गाव एटनाच्या उतारावर.

माझ्या हातातली आमटीची वाटी मी खाली ठेवली.

नंतर किती वेळ आम्ही बोललो मला सांगता येणार नाही. माझं शाळेचं इंग्रजी, त्याचं तुटकं, आणि मध्ये हात. डोंगर धुमसायला लागला की गावावर काळी राख पडते, वाळू पडावी तशी, तो सांगत होता. त्याची आई रोज सकाळी गच्ची झाडते. वाळत घातलेले कपडे पुन्हा धुवावे लागतात. पत्र्याच्या पन्हाळीत राख साचते. तो कंटाळून सांगत होता, तोंड वाकडं करून. आमच्याकडे सिमेंटच्या धुळीबद्दल बोलतात तसं. मला त्या बाईच्या झाडूचा हेवा वाटला. तिला रोज सकाळी तिच्या गच्चीवर पृथ्वीच्या आतून आलेलं काहीतरी मिळत होतं आणि ती ते सुपात भरून टाकून देत होती.

मग त्याने आणखी एक गोष्ट सांगितली. त्याची आई लहान असताना डोंगर बाजूने फुटला आणि लाव्हा त्यांच्या शेजारच्या गावाकडे निघाला. फार हळू येत होता, माणूस चालतो त्याहून हळू. म्हणून लोकांना वेळ मिळाला. त्यांनी सामान नेलं, मग दारं-खिडक्या काढल्या, मग छपरावरची कौलंसुद्धा उतरवून गाड्यांत भरली. नुसत्या भिंती राहिल्या, आणि लाव्हा आला आणि त्या भिंती घेऊन गेला. त्याचे आजोबा लांबून बघत उभे होते. त्यांचा तिथला द्राक्षाचा मळा उपटून नेता आला नाही, तो गेला.

हे सांगून तो पाणी प्यायला. सासूबाईंनी मला विचारलं, काय म्हणतोय? मी सांगितलं. त्या म्हणाल्या, अरेरे, आणि त्याच्या पानात आणखी एक पोळी वाढली.

मग तो मला म्हणाला की तुमच्याकडे बरं आहे, ज्वालामुखी नाहीत.

मी म्हटलं, पुढच्या रविवारी वेळ आहे?

कंपनीची जीप होती, दिघीकडचा एक मुसलमान ड्रायव्हर होता, तो रविवारीही यायला तयार असे. आम्ही चौघं लोणावळ्याच्या पुढे घाटाच्या तोंडाशी गेलो. हिवाळा होता, हवा स्वच्छ. कड्याच्या कठड्याजवळ मी त्या पाहुण्याला उभं केलं आणि समोरचा डोंगर दाखवला. ते आडवे पट्टे दिसतात का? एकावर एक, पायऱ्यांसारखे, समोरच्या डोंगरावर आणि त्याच्या मागच्यावरही त्याच उंचीला? तो म्हणाला, दिसतात. मी म्हटलं, तो प्रत्येक पट्टा म्हणजे लाव्हाचा एक थर. एक थर आला, थंड झाला, मग दुसरा आला. मधली तांबडी रेघ म्हणजे जुन्या थरावर माती तयार झाली होती आणि वरून नवा लाव्हा आला तेव्हा ती भाजून निघाली.

तो खाली वाकला, रस्त्याकडेला फोडलेल्या दगडाचा तुकडा उचलला, हातात वजन करून बघितला, दुसऱ्या दगडावर आपटून आवाज ऐकला. मग म्हणाला, हो. हे खरं आहे. मग इकडे तिकडे बघायला लागला.

"पण डोंगर कुठे आहे?" त्याने विचारलं. "ह्याचं तोंड कुठे आहे?"

मी सांगितलं की तोंड नाही. शिखर नाही, विवर नाही. जमिनीलाच लांब लांब भेगा पडल्या आणि त्यांतून लाव्हा बाहेर येऊन पसरत गेला. हा सगळा मुलूख, आम्ही आलो तो रस्ता, तुमचं यंत्र ज्या फरशीखालच्या खडकावर बसवलंय तो, पुण्याच्या पुढे कितीतरी लांबपर्यंत, सगळा.

"सगळीकडून?" तो म्हणाला.

"सगळीकडून."

त्याने हळूच छातीवर क्रूस काढला. मग खूप प्रश्न विचारले. त्या वेळी माणसं होती का? नव्हती. झाडं होती का? होती, जनावरंही असणार. किती जोरात आला असेल? मी हातवारे करून सांगत होते, काठीने मातीत भेगेचा छेद काढून दाखवत होते, एका थराचा शेवट आणि दुसऱ्याची सुरुवात बोटाने दाखवायला रस्त्याच्या कापलेल्या कड्यापर्यंत चालत गेले. ड्रायव्हरही येऊन ऐकत होता. हिंदीत म्हणाला की इतकी वर्षं तो या रस्त्याने येतोय, ही लाल रेघ त्याने कधी बघितलीच नव्हती. कॉलेज सुटल्यापासून मी असं कुणाशी बोलले नव्हते. वर्गात चाळीस मिनिटांची घंटा असते. इथे घंटा नव्हती.

नवरा जीपला टेकून उभा होता. मधूनच एखादा इटालियन शब्द पुरवत होता. मग तेही थांबलं.

परतताना नवरा झोपला नाही. पाहुण्याला त्याच्या मुक्कामी सोडलं, घरी आलो. सासूबाईंनी भात लावून ठेवला होता, जेवणं झाली. मी पानं उचलत होते तेव्हा तो म्हणाला, "या घाटातून आपण किती वेळा गेलोय."

"हो."

"मला कधी नाही सांगितलंस हे."

मी म्हटलं, तुम्ही झोपता.

त्याने स्वतःचं ताट उचलून माझ्या हातात दिलं. मग म्हणाला, "आज तू त्याच्याशी जशी बोललीस तशी माझ्याशी कधी बोलली नाहीस. एकदाही नाही."

त्याच्या आवाजात राग नव्हता. मी त्याच्याकडे बघितलं आणि मला ते दिसलं, जे मी इतकी वर्षं स्वतःत बाळगून होते तेच. त्या बुटक्या माणसाबद्दल त्याला काही वाटत नव्हतं. त्याला हवं होतं ते मी दुसऱ्या कुणाला दिलं होतं आणि तो बाजूला उभा राहून बघत होता. ते कसं लागतं हे मला कुणी सांगायला नको होतं. त्याची दया यायला हवी होती. आलीही, जरा वेळाने. पण आधी मला बरं वाटलं. फार बरं वाटलं.

मी म्हटलं, "दगड तर तुम्हीही पाहिलेत. माझ्याहून जास्त."

तो म्हणाला, "मला दगड नाही दिसत गं. कुणी सांगितलं तर दिसतात."

पाहुणा यंत्र सुरू करून मायदेशी परत गेला. दोन महिन्यांनी त्याच्याकडून एक फोटो आला, एटनाचा, रात्री काढलेला, काळोखात लाल कारंजं उडतंय असा. पाकिटावर कंपनीचा पत्ता होता, पण नाव माझं होतं. नवऱ्याने तो आणून माझ्या हातात दिला. शेजाऱ्यांना दाखवूया असं म्हणाला नाही, एरवी तो लगेच दाखवायचा. मी तो फोटो शाळेत नेला, वर्गात फिरवला. मुलांनी विचारलं, सरांनी काढला का? मी म्हटलं नाही, माझ्या ओळखीच्या एका माणसाने पाठवला. "माझ्या ओळखीच्या" हे शब्द उच्चारताना मला गुदगुल्या झाल्या.

हिवाळा संपता संपता एका रविवारी सकाळी नवरा स्वतःहून म्हणाला की तळेगावच्या बाजूला घोरवडीच्या डोंगरावर जाऊ या का. स्कूटर काढली. मी दशम्या आणि लसणाची चटणी बांधून घेतली. त्याला चढायची सवय नव्हती, तो धापा टाकत होता, दर थोड्या अंतरावर थांबत होता. थांबला की प्रश्न विचारायचा. ही भोकं कसली दगडात? हवेचे बुडबुडे अडकले होते, मी सांगितलं. मग ती पांढऱ्या खड्यांनी कशी भरली? नंतर पाणी झिरपलं. किती नंतर? फार नंतर. त्यातले काही प्रश्न माझ्या नववीतल्या मुलांनीही विचारले नसते, पण मी सगळ्यांची उत्तरं दिली. एका कापलेल्या कड्यापुढे तो हात कमरेवर ठेवून बराच वेळ उभा राहिला, कारखान्यात यंत्रापुढे उभा राहतो तसा.

"म्हणजे हा खालचा आधी आला," तो म्हणाला, "आणि हा त्याच्यावर."

"हो."

"आणि हा खालचा त्याच्या आधी."

"हो."

तो बोट वर वर नेत मोजत राहिला. मी खडकावर बसून दशम्या सोडल्या. खाली तळेगावच्या रस्त्याने ट्रक चालले होते, पलीकडे कारखान्यांची छपरं उन्हात चमकत होती. तो आता नीट बघत होता, हे मला दिसत होतं, आणि त्याचं मला समाधान होतं. तरीही माझ्या मनात आलंच, की हा माणूस तिथे जाऊन आलाय, त्या गरम जमिनीवर याने हात ठेवलाय. मी त्याला हाक मारली, या, जेवून घ्या. तो आला, माझ्याशेजारी बसला आणि म्हणाला की चटणी छान झालीय.